चौदा पक्ष्यांच्या बाई

"हात काढा!"

डावा तळहात वर उचललेला, एक डोळा मिटलेला, आणि मोबाईल विटांच्या चळतीवर टेकवलेला. बाईंनी एवढे म्हटले की टेबलावरचे सहा-सात चिमुकले हात एकदम मागे जात, वर्ग श्वास रोखून धरी आणि फोटो निघे. मग बाई म्हणत, "आता एक तांदूळ पुढे." म्हणजे टेबलावरचा मातीचा पक्षी तांदळाच्या एका दाण्याइतका पुढे सरकवायचा. पुन्हा "हात काढा!", पुन्हा फोटो. असे बारा फोटो जमले की पडद्यावर पक्षी एक सेकंद चालतो, हे मला वयाच्या बहात्तराव्या वर्षी कळले. तोपर्यंत मी या उद्योगाविरुद्ध एक सविस्तर तक्रार दाखल करून मोकळा झालो होतो.

वाचकहो, तुमच्याही गावच्या शाळेत अशी एखादी व्यक्ती येऊन गेली असेल. आली तेव्हा कोणाचे लक्ष नव्हते, गेली तेव्हा सगळ्यांना कळले. गाव त्यांना मॅडम म्हणे. मी बाई म्हणतो. त्या साताऱ्याकडच्या. आमच्या दोन शिक्षकी शाळेत त्या पाच वर्षे होत्या. पर्समध्ये तांदळाची छोटी डबी, मोबाईलला रबरबँड, आणि कोणी कितीही तावातावाने गाऱ्हाणे मांडले तरी ते संपूर्ण ऐकून घेऊन विचारलेला एकच प्रश्न: "बरं, मग?" या प्रश्नाने भलेभले गडबडत. गाऱ्हाणे सांगणाऱ्याला पुढचे काही सुचलेले नसते, हे त्यांना पुरते ठाऊक होते.

माझ्याविषयी थोडे सांगणे आवश्यक आहे. मी चौतीस वर्षे सरकारी कचेरीत आवक-जावक कारकून होतो. पत्र आत येते, त्यावर शिक्का बसतो, क्रमांक पडतो, आणि पुढे ते कोणत्या कपाटात प्राण सोडते, हे मी फार जवळून पाहिले आहे. त्यामुळे निवृत्तीनंतर मी जी शेकडो पत्रे लिहिली, ती उत्तराच्या आशेने लिहिली नाहीत. संताप नोंदलेला असावा, एवढाच माझा आग्रह.

आमचे गाव शेलूबाजारहून जीपने अर्ध्या तासावर आहे. माझ्या आणि शेजाऱ्याच्या शेतामध्ये एक धुरा आहे. साताऱ्याकडे त्याला बांध म्हणतात. तो कोणी किती नांगरून गिळला, याबद्दल दोन घराण्यांत माझ्या वडिलांपासून वाद चालू आहे. प्रकरण न्यायप्रविष्ट असल्याने त्याच्या गुणदोषांवर मी येथे एक अक्षर लिहिणार नाही. शेजाऱ्याचा उल्लेखही मी केवळ "प्रतिवादी" असा करीन.

एके दिवशी माझी नात पूर्वा ओट्यावर बसून मोठ्याने म्हणत होती, "आमी लावे. तितरायच्या इहिरीचं पानी आमी पेत नाई."

मी विचारले, "हे काय चालले आहे?"

"पाठ करून राह्यली आबा. आमचा पिच्चर हाय ना शाळेत. मातीच्या पाखरायचा. धुऱ्याच्या इकडं, आपल्या बाजूले, तितर राह्यते, तिकडं लावे. त्यायचं भांडन हाय. मी लाव्याचं पिल्लू."

"आणि तितराचे पिल्लू?"

"सोहम."

सोहम हा प्रतिवादीचा नातू.

मग एकेक गोष्ट बाहेर आली. बाईंनी प्रत्येक मुलाला आपल्या वावरातली ओंजळभर माती आणायला सांगितली होती. पूर्वाने ती नेमकी धुऱ्यावरची नेली होती. घरी कोणाशी बोलू नको म्हणतात आणि का, हे मुलांनी वहीत लिहायचे होते, आणि त्यातूनच पिक्चरची गोष्ट उभी राहिली होती. त्या गोष्टीत एक म्हातारा तितर होता. तो रोज सकाळी पिंपळाच्या पानावर जंगलच्या राजाला अर्ज लिही आणि बोकडाजवळ देई. बोकड चार पावले चालून पान खाऊन टाकी.

सरकारी टपालाचे इतके यथार्थ चित्रण मी अन्यत्र पाहिलेले नाही, हे मी आज मान्य करतो. त्या दिवशी मात्र माझ्या कानशिलांतून वाफा निघाल्या.

पिक्चर प्रजासत्ताक दिनी गावापुढे दाखवायचा होता. त्यासाठी प्रत्येक मुलाच्या पालकाची लेखी संमती हवी होती. शाळेच्या प्रवेश अर्जावर पूर्वाचा पालक म्हणून सही माझी आहे. मी संमती नाकारली. मुख्य आवाजच तिचा असल्याने सहा महिन्यांचे काम तेथेच थांबणार, हे मला माहीत होते. माहीत होते म्हणूनच नाकारली.

पूर्वा रडली नाही. ती एवढेच म्हणाली, "तुमी सही नाई केली तं माहा लावा मुका होईन ना आबा."

मी शाळेला पत्र लिहिले. चार मुद्दे, पुरेसा समास, पोच मिळावी ही विनंती.

आणि चौथ्या दिवशी मला उत्तर आले.

तुम्हाला यात विशेष वाटणार नाही. परंतु ज्याने आयुष्यभर पत्रे कपाटात जाताना पाहिली, त्याला ते पाकीट फोडताना काय झाले असेल, याची कल्पना करा. उत्तर मुद्देसूद होते. माझ्या प्रत्येक क्रमांकाखाली त्यांचा क्रमांक. ते पत्र माझ्या फायलीत आहे, म्हणून शब्दशः देतो.

"मुद्दा क्र. १ (पाल्यास शत्रुपक्षाची भूमिका का दिली): भूमिका चिठ्ठ्या टाकून ठरल्या. चिठ्ठ्या जपून ठेवल्या आहेत.

मुद्दा क्र. २ (वादग्रस्त जागेतील माती परत करावी): माती परत करण्यास मी तयार आहे. तथापि ती दोन्ही शेतांची एकत्र मळली गेली असून तिचे चौदा पक्षी झाले आहेत. त्यांपैकी आपले कोणते, ते कृपया बुधवारी सकाळी अकरा वाजता येऊन दाखवावे.

मुद्दा क्र. ३ (पाण्याविषयीचे वाक्य आमच्या घरातील असून ते चोरले आहे): ते वाक्य दोन मुलांनी दोन वेगळ्या दिवशी लिहून आणले. दोन्ही वह्या पाहावयास मिळतील.

मुद्दा क्र. ४ (अर्ज लिहिणारा तितर म्हणजे माझी बदनामी): तो तितर मुलांनी कल्पिला आहे. त्याचा अर्ज नीट झालेला नाही, असे मलाही वाटते. परंतु अर्ज कसा लिहितात, हे मला येत नाही."

सर्वांत खाली: "प्रत माहितीसाठी: दुसऱ्या बाजूचे पालक."

शेवटची ओळ वाचून मी पेटलो. मग विझलो. दोन्ही बाजूंना नोटीस द्यावी, हे नैसर्गिक न्यायाचे तत्त्व आहे. ते बाईंना कोणी शिकवले होते, देव जाणे.

बुधवारी अकराला पाच मिनिटे कमी असताना मी शाळेत पोहोचलो. प्रतिवादी माझ्या आधी येऊन पहिलीच्या बाकावर गुडघे छातीशी घेऊन बसला होता.

"या बाबूसायेब. तुमचीच वाट पाहून राह्यलो. कोन्ते पक्षी नेता?"

"आधी माती ओळखू द्या," मी म्हणालो.

"ओळखा ना. वास घेऊन पाहा. तुमच्या मातीले शाईचा वास येत असीन."

मुले खिदळली. बाई म्हणाल्या, "बरं, मग?"

टेबलावर चौदा पक्षी रांगेत उभे होते. काळ्या मातीचे, पाठीवर वाळून गेलेल्या बारीक भेगांचे, चोचीला तुरीच्या काडीचा तुकडा. मी चष्मा लावला. एक उचलला, फिरवून पाहिला, ठेवला. दुसरा उचलला. शेवटी अधिकारवाणीने म्हणालो, "हा."

"तो?" प्रतिवादी उठून आला. "त्यात चुनखडी दिसून राह्यली ना पांढरी. तशी माह्या वावरात हाय."

"माझ्याही शेतात आहे."

"व्हय? कोठं?"

"धुऱ्याला लागून. पूर्ण पट्टा."

"माह्या बी धुऱ्याले लागूनच हाय. मंग एकच वावर म्हना ना हे!"

बोलून गेल्यावर आपण काय बोललो ते त्याच्या लक्षात आले. तो एकदम खोकू लागला. मी पक्षी जागेवर ठेवला.

बाईंनी या कबुलीचा काहीही फायदा घेतला नाही. त्या म्हणाल्या, "आलाच आहात, तर झालेलं काम बघून जा." आणि त्यांनी मोबाईलवर थोडे चित्रीकरण लावले. धुऱ्यावर तितर बाहेर आला आणि टुणटुण उड्या मारत निघाला.

"तितर असा चालत नाही!"

हे मी म्हणालो. नेमक्या त्याच क्षणी, "असा चालते का तितर?" हे प्रतिवादी म्हणाला.

"उड्या चिमणी मारते," मी म्हणालो.

"तितर पयते," तो म्हणाला. "मान लांब करून, अशी. पायच दिसत नाईत त्याचे."

"आणि मध्येच थांबतो. कान देऊन."

"हां, थांबते. मंग पुन्हा सुटते."

"बरं, मग?" बाई म्हणाल्या. "दाखवा की."

एक मुलगी कळवळून म्हणाली, "मॅडम, चारशे फोटू काढले आपन!"

"पुन्हा काढू," बाई म्हणाल्या.

या बाईंचा खरा स्वभाव तुम्हाला एका वाक्यात सांगायचा तर तो हाच. केलेले काम चूक निघाले, तर त्यांचा चेहरा पडत नसे. उलट त्या बाही वर करीत. मग दोन तास आम्ही दोघे म्हातारे त्या बुटक्या टेबलाशी वाकून तितर पळवत होतो. तो मान धरी, मी पाय. "एक तांदूळ पुढे." "हात काढा!" आणि आम्ही पोरांसारखे हात मागे घेत होतो. माझा हात एकदा चुकून आत राहिला. बाईंनी माझ्या मनगटावर पट्टीने हलकेच टकटक केले. चौतीस वर्षांच्या सेवेत माझ्याशी कोणी असे वागले नव्हते. मी निषेध नोंदवला नाही.

दुपारी मुले खिचडी खायला गेली, तेव्हा बाईंनी दोन वह्या माझ्यापुढे ठेवल्या. मुद्दा क्रमांक तीन.

पूर्वाच्या वहीत लिहिले होते: "त्यायच्या इहिरीचं पानी पेलं का मानूस खोटं बोलाले लागते." हे माझ्या आईचे वाक्य. मी लहानपणापासून ऐकलेले, माझ्या मुलाला ऐकवलेले, आणि नातीला कधी ऐकवले ते आठवतही नसलेले. सोहमच्या वहीत वेगळे अक्षर, वेगळी शाई, आणि तेच वाक्य. त्यातली विहीर आमची होती.

मी वही प्रतिवादीकडे सरकवली. त्याने ओळीवर बोट ठेवून वाचले.

"हे तं माही माय म्हने," तो म्हणाला.

"माझी आईही."

त्याने दुसरीही वही ओढून शेजारी ठेवली. मग म्हणाला, "बाबू, तुमची माय रिठदची ना?"

"हो."

"माही बी रिठदचीच."

हे मला माहीत होते. दोघींची लग्ने दोन वर्षांच्या अंतराने या गावात झाली, हेही माहीत होते. पण या दोन गोष्टी शेजारी ठेवून पाहण्याचे मला कधी सुचले नव्हते.

"मंग ही इहीर," प्रतिवादी वहीवर बोट आपटत म्हणाला, "ना तुमची, ना माही. ही रिठदची कोनाची तरी इहीर हाय! कोन्या बाप्पाची, काय मालूम. दोघी बुढ्यायनं माहेराहून बांधून आनली, अन् आपन दोघं इथं तिचं पानी उपसून राह्यलो."

मी पुष्कळ पुरावे हाताळले आहेत. स्वतःविरुद्ध इतका स्वच्छ पुरावा माझ्या हाती यापूर्वी आला नव्हता. बाई मात्र खाली बसून फरशीवर सांडलेले तांदूळ वेचून डबीत भरत होत्या. समोरचा माणूस हरत असेल, तर त्याच्याकडे पाहू नये, एवढी सभ्यता फार थोड्यांजवळ असते.

त्याच बाकावर मी संमतीपत्रावर सही केली, असे लिहायला मला आवडले असते. मी कागद घरी आणला. तीन दिवस ठेवला. चौथ्या दिवशी दोन अटी घालून सही केली: एक, तितराची चाल शेवटपर्यंत तपासून घेतली जाईल, दोन, तितराचा अर्ज विहित नमुन्यात असेल. पूर्वाने कागद हातात घेऊन दोन्ही अटी वाचल्या आणि विचारले, "आबा, विहित म्हंजे?"

"नीट," मी म्हणालो.

तितराचा अर्ज मी स्वतः लिहून दिला. प्रति, विषय, संदर्भ, महोदय. अडचण अशी झाली की "सबब विनंती करण्यात येते की" हे शब्द एकाही मुलाच्या तोंडात बसेनात. बाईंनी फोन केला. "काका, म्हातारा तितर तुम्हीच म्हणा." मी म्हणालो, माझ्या वयाला हे शोभत नाही. त्या म्हणाल्या, "बरं, मग?"

आवाज शाळेच्या धान्याच्या खोलीत, तांदळाच्या पोत्यांमध्ये बसून घेतला, कारण तेथे घुमत नाही. मी दारातून आत शिरलो, तर प्रतिवादी आधीच पोत्यावर बसलेला.

"तुम्ही येथे कशाला?"

"बोकड," तो म्हणाला. "मी मॅडमले सांगतलं, मले दुसरं काई नोको. बाबूचा अर्ज मीच खातो."

आणि त्याने खाल्ला. मी वाचत होतो आणि तो माझ्या शेजारी तोंडाजवळ पिंपळाचे पान धरून करकर चघळल्याचे आवाज काढत होता. मी "सबब विनंती"वर आलो की त्याला हसू फुटे आणि बाईंना सगळे पुन्हा घ्यावे लागे. पाचव्या वेळी मलाही फुटले. बाईंनी ते हसू पुसले नाही. पिक्चरमध्ये म्हातारा तितर अर्ज वाचता वाचता मध्येच हसतो, त्याचे कारण हे आहे. गावाला ते फार आवडले.

प्रजासत्ताक दिनी, झेंडावंदनानंतर, खिडक्यांवर ताडपत्र्या बांधून वर्गात अंधार केला आणि भिंतीवर पिक्चर दाखवला. जेमतेम नऊ मिनिटांचा. माणसे दारापर्यंत उभी होती. शेवटी तितराचे पिल्लू आणि लाव्याचे पिल्लू एकाच विहिरीवर पाणी पितात, एकमेकांना विचारतात, "खोटं बोलावंसं वाटून राह्यलं का तुले?" "नाई. तुले?" "मले बी नाई." आणि पुन्हा पितात. संपले. पूर्वा भिंतीकडे पाहत नव्हती. ती सबंध वेळ माझ्या तोंडाकडे पाहत होती. मला ते कळत होते, म्हणून मी भिंतीवरून नजर काढली नाही.

यानंतर दोन्ही घराण्यांत गळाभेटी झाल्या, असा कोणाचा समज होऊ नये. खटला चालू आहे. तारखा पडतात. फरक पडला तो इतकाच की मंगरूळपीरला तारखेला जाताना प्रतिवादी माझ्या दारावरून हाक मारतो, "चाला बाबूसायेब, कचेरीत भांडाले," आणि आम्ही एकाच जीपने जातो. सोहम आमच्या अंगणात अभ्यासाला येतो. आमच्या माठातले पाणी पितो. अद्याप खोटे बोललेला नाही.

मे महिन्यात बाईंची बदली झाली. मी या बदलीविरुद्ध अकरा पत्रे लिहिली. भाषा संयत नव्हती. ज्या माणसाने एका शाळेत पाच वर्षे घालवून एवढे उभे केले, त्याला नियमाच्या एका ओळीने उचलून दोनशे कोसांवर टाकायचे, याला मी प्रशासन म्हणत नाही. दुसरा शब्द माझ्याजवळ आहे. तो मी पत्र क्रमांक सातमध्ये वापरला आहे. एकाही पत्राला उत्तर आले नाही. मी हे बाईंना सांगायला गेलो, तेव्हा त्या कपाट आवरत होत्या. सगळे ऐकून घेऊन त्या नेहमीप्रमाणे "बरं, मग?" म्हणतील, असे मला वाटले होते. त्या म्हणाल्या, "काका, चहा घेणार?"

त्यांना निरोप द्यायला आम्ही दोघे शेलूबाजारला गेलो. मी वेगळा निघालो होतो, प्रतिवादी वेगळा. थांब्यावर भेट झाली. एक पत्र्याची पेटी, दोन पिशव्या, आणि बाई. त्यांनी प्रतिवादीला गुडघ्याच्या औषधाचे विचारले. मला म्हणाल्या, "सावलीत उभे राहा." तेवढ्यात बस आली. थांब्यावर वेळापत्रक का लावलेले नाही, हे मी वाहकाला विचारू लागलो. तो म्हणाला, "काका, गाडी सोडू का तुमाले उत्तर देऊ?" प्रतिवादीने पेटी वर चढवली. मी बोलायचे थांबून वळलो, तोपर्यंत बाई खिडकीशी बसल्या होत्या. बस हलली त्या क्षणी त्या पर्समध्ये मान घालून सुटे पैसे शोधत होत्या. त्यामुळे हात हलवायचे राहून गेले. त्यांनी वर पाहिले असेल, तेव्हा बस वळणापलीकडे गेली होती.

आम्ही थोडा वेळ तसेच उभे राहिलो. रिकाम्या थांब्याकडे पाहण्यासारखे काही नसते. तरी पाहिले.

परतीच्या जीपमध्ये बारा माणसे होती. आम्हाला मागच्या बाकावर कोपऱ्यात जागा मिळाली. काही वेळाने प्रतिवादी म्हणाला, "सुनं सुनं वाटून राह्यलं बाबू." मी हं म्हटले. पुढच्या वळणावर त्याचा डोळा लागला आणि त्याचे डोके माझ्या खांद्यावर आले. चांगले जड डोके आहे. टोपी माझ्या गालाला टोचत होती. शेजारी बसलेल्या एका प्रवासी स्त्रीने मला खूण केली, उठवा त्यांना.

मी मान हलवून नको म्हटले. गाव येईपर्यंत मी खांदा हलवला नाही.